तीन मूर्ती भवन आणि शांतिवन : फैजपूरकरांनी तरी हे बघायलाच पाहिजे

दिल्लीला चाललात आणि हातात एकच दिवस मोकळा आहे, तर तो तीन मूर्ती भवनाला, म्हणजे पंतप्रधान नेहरूंच्या घराला द्या असं मी सरळ सांगेन. त्यातही तुम्ही आपल्या भागातले, म्हणजे यावल-रावेर-फैजपूरकडचे असाल तर नक्कीच.

आम्ही गेलो ते आबांसाठी. आबा म्हणजे माझे वडील, वय आता 78, गुडघे दुखतात, केळीच्या बागेत जाणंसुद्धा कमी झालंय, पण दोन वर्षांपासून एकच धोशा लावला होता की मला नेहरूंचं घर बघायचं, आणि तेही 27 डिसेंबरलाच. तारीख का तर 1936 साली 27 आणि 28 डिसेंबरला आपल्या फैजपूरला काँग्रेसचं अधिवेशन भरलं होतं, खेड्यात भरलेलं पहिलंच अधिवेशन, आणि अध्यक्ष होते जवाहरलाल. धनाजी नाना चौधरींनी सगळं अंगावर घेऊन तयारी केली, साने गुरुजी गावोगाव फिरले, चित्रकार नंदलाल बोसांनी बांबू नि तट्ट्या असल्या गावच्याच सामानातून टिळकनगर, म्हणजे अधिवेशनाची जागा सजवली, गांधीजी आले, बैलांच्या रथातून अध्यक्षांची मिरवणूक निघाली. माझे आजोबा तेव्हा विशीतले, पाणी वाटायच्या कामाला स्वयंसेवक होते. त्यांनी नेहरूंना किती जवळून बघितलं हे आबांनी आम्हाला इतक्या वेळा सांगितलंय की मला वाटतं मीच तिथे होतो. तर आजोबांनी ज्यांना आपल्या गावात पाहिलं त्यांचं घर आपण एकदा बघावं, एवढीच आबांची इच्छा.

भुसावळहून गाडी पकडली, सोबत दशम्या, शेंगदाण्याची चटणी, ठेचा. धुक्यामुळे पाच तास लेट पोचलो. डिसेंबरअखेरीस जाणाऱ्यांनी पहिला अर्धा दिवस हिशोबातच धरू नका, आणि आपल्याकडची थंडी म्हणजे थंडी असं समजून एका स्वेटरवर जाऊ नका, आबांना तिथे उतरल्यावर पहिली कानटोपी घ्यावी लागली.

मेट्रोने गेलात तर पिवळ्या लाईनवर लोक कल्याण मार्ग स्टेशनला उतरा, तिथून रिक्षा मिळते. आधी चौक लागतो, त्यात तीन सैनिकांचे पुतळे, त्याच त्या तीन मूर्ती. हैदराबाद, जोधपूर आणि म्हैसूर संस्थानांचे घोडदळातले सैनिक पहिल्या महायुद्धात लढले त्यांचं हे स्मारक, 1922 चं, आणि 2018 पासून चौकाच्या नावात हैफा पण जोडलंय कारण 1918 साली हैफा शहर त्यांनी जिंकलं. बहुतेक लोक रिक्षातूनच बघून पुढे जातात. दोन मिनिटं थांबा, घराला नाव इथूनच मिळालंय.

घर मुळात इंग्रजांच्या सरसेनापतीसाठी बांधलेलं, 1930 चं. ज्या रॉबर्ट रसेलने कॅनॉट प्लेस डिझाईन केलं त्याचंच हे काम, त्यामुळे तेच उंच खांब, तेच पांढरेपण. स्वातंत्र्य मिळालं तेव्हा नेहरू यॉर्क रोडच्या 17 नंबरच्या बंगल्यात राहायचे आणि 1948 मध्ये इकडे आले, मग शेवटपर्यंत म्हणजे 27 मे 1964 पर्यंत इथेच. त्याच वर्षी 14 नोव्हेंबरला राष्ट्रपती राधाकृष्णन यांच्या हस्ते घराचं संग्रहालय झालं. आता नाव प्रधानमंत्री संग्रहालय, 14 एप्रिल 2022 ला नवीन इमारत उघडली आणि तिथे सगळ्या पंतप्रधानांची दालनं आहेत. तिकीट एकच, बघायचं दोन इमारतींमध्ये. सोमवारी बंद असतं हे लक्षात ठेवा.

मी आधी जुनं घर बघा म्हणेन. बाहेरून बघितलं की वाटतं आत राजवाडाच असणार, दिवाणखाना वगैरे आहेही मोठा, परदेशातून आलेल्या भेटवस्तूंचं एक दालन आहे तिथे पोरं रमतात. पण वरच्या मजल्यावर जा. जिना चढताना आबा तीनदा थांबले, मी म्हणलं आबा राहू द्या, तर म्हणे इथपर्यंत आलो ते काय खाली बसायला. वर अभ्यासिका आहे, पुस्तकंच पुस्तकं, आणि झोपायची खोली. हीच ती खोली जिथे ते गेले. साधा पलंग, थोडं सामान, बस. एवढ्या मोठ्या बंगल्यात माणसाने स्वतःसाठी इतकी साधी खोली ठेवली. आबा काचेजवळ उभे राहिले आणि बराच वेळ काही बोललेच नाहीत, मागून लोक येत होते, जात होते. मग हळूच म्हणाले, "इतल्या मोठ्या मान्साची इतलीशी खोली!" त्यांनी डोक्यावरची कानटोपी काढून हातात घेतली होती हे मला नंतर दिसलं. तिकिटाचे पैसे माझ्यासाठी तिथेच वसूल झाले.

या खोल्यांना घाई करू नका. आमच्याबरोबरचे काही जण दहा मिनिटात वरचा मजला आटपून खाली आले आणि नवीन इमारतीकडे पळाले, मला फार वाईट वाटलं त्याचं. भिंतीवरचे जुने फोटो बघा, तुरुंगवासाचा भाग वाचा, आपल्या महाराष्ट्राशी तर त्याचा थेट संबंध आहे कारण 1942 ते 1945 अहमदनगरच्या किल्ल्यात कैदेत असतानाच त्यांनी भारताच्या इतिहासावरचं आपलं सगळ्यात गाजलेलं पुस्तक लिहिलं.

बाहेर बागेत एक मोठा दगड आहे, त्यावर 14 ऑगस्ट 1947 च्या रात्रीच्या भाषणाचा भाग कोरलाय, तो माझ्या पोरीने मोठ्याने वाचला. आवारातच फिरोजशाह तुघलकाच्या काळातला कुशक महाल आहे, शिकारीला आल्यावर उतरायची जागा, म्हणजे इंग्रजांच्या घराच्या कुंपणात सहाशे वर्षांपूर्वीची इमारत. तिकडे फारसं कोणी फिरकत नाही, शांत बसायला चांगली जागा.

नवीन इमारत चाकाच्या कल्पनेवर बांधलीय आणि ती बांधताना एकही झाड तोडलं नाही, हे मला सगळ्यात आवडलं. आत सगळं स्क्रीन, आवाज, प्रोजेक्टर. पोरांना पंतप्रधानांबरोबर फोटो, हेलिकॉप्टरची सफर असलं सगळं भारी वाटतं आणि वाटू द्या, त्या निमित्ताने त्यांना शास्त्रीजी, नरसिंह राव ही नावं तरी कळतात. शास्त्रीजींच्या दालनात मीही बराच वेळ काढला. पण माझं मन जुन्या घरातच राहिलं, तिथे माणूस राहून गेलाय हे जाणवतं, ते स्क्रीनवर जाणवत नाही. शेजारी 1984 सालचं तारांगण आहे, राकेश शर्मा ज्या यानातून पृथ्वीवर परत आले ते सोयुझ टी-10 तिथे ठेवलंय. पोरीला तिथून ओढून काढावं लागलं. सगळं मिळून चार तास तरी धरा, म्हातारं माणूस बरोबर असेल तर पाच.

आता शांतिवनाचं, म्हणजे नेहरूंच्या समाधीचं. आम्ही दुसऱ्या दिवशी एका टुरिस्ट बसमध्ये दिल्ली दर्शन घेतलं होतं. बसवाल्याने राजघाटला वीस मिनिटं दिली आणि चला म्हणाला. मी विचारलं शांतिवन? तर म्हणे ते लिस्टमध्ये नाही, तिथे बघण्यासारखं काही नाही. आबांनी ऐकलं आणि सरळ खाली उतरले. मग आम्ही पण उतरलो, बाकीच्या दर्शनाचे पैसे गेले ते गेले. राजघाटावरून उत्तरेकडे चालत निघालात तर शांतिवन फार लांब नाही, आबांच्या चालीने आम्हाला अर्धा तास लागला.

बघण्यासारखं काही नाही म्हणजे काय हो? गवताचा उंचवटा आहे, झाडं आहेत, मोकळं आकाश आहे. 28 मे 1964 ला इथे अंत्यसंस्कार झाले. राजघाटावर काळा संगमरवर आहे, इंदिराजींच्या शक्तिस्थळावर भला मोठा दगड उभा आहे, इथे फक्त हिरवळ. देशोदेशीच्या पाहुण्यांनी लावलेली झाडं आजूबाजूला आहेत. आम्ही गेलो तेव्हा दहाबारा माणसं होती सगळी मिळून. माळी पाईप घेऊन पाणी देत होता, आबा त्याच्याजवळ जाऊन मातीचं विचारायला लागले, त्याला मराठी येत नाही आणि आबांची हिंदी म्हणजे निम्मी लेवा बोली, तरी दोघांचं दहा मिनिटं चाललं.

तिथे बाकावर बसून मी आबांना नेहरूंच्या मृत्युपत्राचं सांगितलं. 1954 सालीच त्यांनी लिहून ठेवलं होतं की माझी मूठभर राख प्रयागला गंगेत सोडा आणि बाकीची विमानातून देशभरच्या शेतांवर टाका, जिथे शेतकरी राबतात तिथल्या मातीत ती मिसळू दे. आबांना हे माहीतच नव्हतं. फैजपूरच्या अधिवेशनात शेतसारा कमी करा, शेतकऱ्याचं कर्ज हलकं करा हा शेतीचा ठराव झाला होता हे मात्र त्यांना तोंडपाठ, तो ठराव आजोबांनी त्यांना शिकवलेला. ते बराच वेळ त्या गवताकडे बघत राहिले, मग म्हणाले, "म्हंजे आपल्या वावरातबी असतीन ते."

तिकीट नाही, गर्दी नाही. प्यायचं पाणी बरोबर न्या आणि ऊन असताना जा, थंडीत चारनंतर गारठा वाढतो. आमची परतीची गाडी रात्रीची होती, तरी उन्हं उतरेपर्यंत आबा उठले नाहीत.