घासू की उन्हात ठेवू?

मैत्रीण जुनं घर सोडतेय. त्याचा ठसा कागदावर हवाय. फ्रोताज (वस्तूवर कागद ठेवून घासून उमटवलेला ठसा) करू की सायनोटाइप (लेप लावलेल्या कागदावर उन्हाने उमटणारी निळी छाप), यावर अडलीय.

फ्रोताजला पातळ कागद आणि ग्रॅफाइटची कांडी पुरते. चित्रकार माक्स अर्न्स्टने १९२५ मध्ये लाकडी फळ्यांवर कागद ठेवून घासला, तो असाच. सायनोटाइप, म्हणजे शास्त्रज्ञ जॉन हर्शेलची १८४२ ची युक्ती, जास्त राबवते: दोन लोहक्षार, मंद उजेडात लेप, मग ऊन, मग धुणं. ढग आले की दिवस वाया.

टिकण्याचं म्हणाल तर ग्रॅफाइट उजेडाला दाद देत नाही, पण फिक्सेटिव्ह (ठसा पक्का करणारा फवारा) मारलं नाही तर तळहाताने फासतं. सायनोटाइपचा निळा उजेडात फिका होतो आणि अंधारात ठेवला की बराचसा परततो. (मला हेच आवडतं.)

खरा फरक पुढे आहे. घासताना उंबऱ्याची झीज, वर आलेलं खिळ्याचं डोकं, डोळ्यांना कधी न दिसलेली चीर उमटते. सायनोटाइपला खिडकीच्या जाळीची सावली कळते, भिंत नाही.

घर हाताला आठवत असेल तर फ्रोताज. खिडकीतलं ऊन आठवत असेल आणि सवड असेल तर सायनोटाइप. हिला परवा चावी द्यायचीय; ग्रॅफाइटच घे म्हटलं.