नोकरी गेली तर: ब्रिटन की जर्मनी?

युरोपात बस्तान हलवायचं ठरलं की पगार, घरभाडं, मुलांची शाळा, मुंबईचं विमान या सगळ्याची तुलना होते. नोकरी गेली तर काय, हा प्रश्न मात्र ऑफर लेटरच्या आनंदात राहून जातो. मी आधी इंग्लंडात कॉव्हेंट्रीला आणि मग जर्मनीत श्टुटगार्टजवळ, दोन्हीकडे मोटारींच्या सुट्या भागांच्या कारखान्यात गुणवत्ता तपासणीचं काम केलं. दोन्हीकडे कामगारकपातीत माझं नाव आलं. त्या अनुभवावरून हे लिहितो आहे. तुमची परिस्थिती वेगळी असेल, तेवढं धरून वाचा.

आधी व्हिसाचं बोलतो, कारण बाकीचं सगळं त्यावर ठरतं. इंग्लंडात आम्हाला तोवर कायम वास्तव्याची परवानगी मिळाली होती, म्हणून युनिव्हर्सल क्रेडिट, म्हणजे कमी उत्पन्नाच्या घरांना मिळणारा सरकारी भत्ता, मागता आलं. स्किल्ड वर्कर व्हिसावर ते मिळत नाही, आणि नोकरी सुटल्यावर नवा स्पॉन्सर, म्हणजे व्हिसाची हमी घेणारी नवी कंपनी, शोधायला साधारण ६० दिवस हातात असतात. राष्ट्रीय विम्याचे हप्ते पुरेसे भरले असतील तर न्यू स्टाइल जॉबसीकर्स अलाउन्स, म्हणजे तिथला विम्यावरचा बेकारी भत्ता, मात्र व्हिसाच्या त्या बंदीत येत नाही. आपल्यातल्या पुष्कळांना हे ठाऊक नसतं, म्हणून मुद्दाम सांगतो. जर्मनीत ब्लू कार्डवर, म्हणजे उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांच्या परवान्यावर, निदान तीन महिन्यांची मुदत मिळते. बेकारी भत्ता, म्हणजे आर्बाइट्सलोझनगेल्ड, हा तुमच्याच पगारातून कापलेल्या विम्याचा पैसा असतो, त्यामुळे तो घेतल्यानं परवान्याला बाधा येत नाही.

आता रक्कम. ब्रिटनचा अलाउन्स सगळ्यांना सारखा: २०२५-२६ मध्ये पंचविशीच्या वरच्या माणसाला आठवड्याला ९२.०५ पौंड, तोही जास्तीत जास्त सहा महिने. तुम्ही आधी किती कमावत होतात, किती हप्ते भरलेत, याचा रकमेशी संबंध नाही. जर्मनीत निव्वळ पगाराच्या ६० टक्के मिळतात, मूल असेल तर ६७. पन्नाशीच्या आतल्याला वर्षभरापर्यंत, अठ्ठावन्नच्या पुढे दोन वर्षांपर्यंत. मुख्य अट अशी की मागच्या ३० महिन्यांत १२ महिने विमा भरलेला हवा. भत्ता चालू असेपर्यंत आरोग्य विम्याचा हप्ताही आगेंटूअर, म्हणजे तिथलं रोजगार कार्यालय, भरतं.

एवढ्यावरच निकाल लावणं ब्रिटनवर अन्याय होईल. युनिव्हर्सल क्रेडिटमागची कल्पना मला आजही चांगली वाटते. २०१२ च्या कायद्यानं सहा वेगवेगळे भत्ते एकत्र केले आणि एप्रिल २०१३ मध्ये अ‍ॅश्टन-अंडर-लाइनपासून सुरुवात झाली. काम मिळालं म्हणून भत्ता एकदम तुटत नाही. जादा कमाईच्या दर पौंडामागे ५५ पेन्स कमी होतात. पाळणाघराच्या खर्चाचा ८५ टक्क्यांपर्यंत परतावा मिळतो. अर्ज मोबाइलवरून होतो, इंग्रजीत होतो, आणि माझी वर्क कोच, म्हणजे रोजगार कार्यालयातली सल्लागार, समजूतदार बाई होती. पहिला पैसा यायला पाच आठवडे लागतात. मधल्या काळात मिळते ती उचल, आणि ती पुढच्या हप्त्यांतून कापली जाते. तेही आम्ही निभावून नेलं.

माझं मन फिरलं ते दुसऱ्याच गोष्टीनं. युनिव्हर्सल क्रेडिट दर महिन्याच्या ठरलेल्या मुदतीत तुमच्या घरात किती पैसा आला ते बघतं. आमची मुदत ५ तारखेपासून पुढच्या महिन्याच्या ४ तारखेपर्यंत. बायको सुपरमार्केटमध्ये अर्धवेळ कामाला, आणि तिचा पगार महिन्याला नव्हे, दर चार आठवड्यांनी शुक्रवारी. असे पगार वर्षाला तेरा होतात. म्हणजे वर्षातून एका मुदतीत दोन पगार येणारच. ६ मार्चला एक झाला, ३ एप्रिलला दुसरा, दोन्ही एकाच मुदतीत. तिची कमाई एका पैनं वाढली नव्हती, पण संगणकाच्या हिशेबी ती दुप्पट झाली आणि आमचा भत्ता घसरला. घरभाडं मात्र नेहमीच्या तारखेला, नेहमीएवढंच. वर्क कोचनं सगळं ऐकून घेतलं आणि नियमच तसा आहे म्हणून सांगितलं. खरंच नियम तसाच आहे. महिन्याच्या पगाराच्या तारखा मागंपुढं झाल्यानं असंच अडकलेल्या चार एकट्या आयांनी सरकारला कोर्टात खेचलं आणि २०२० मध्ये अपील कोर्टात त्या जिंकल्या. पण त्यानंतरची दुरुस्ती महिन्याने पगार होणाऱ्यांपुरतीच झाली. चार आठवड्यांनी पगार होतो तो दुकानं, गोदामं, वृद्धाश्रमांत राबणाऱ्यांचा. ज्यांच्याकडे एका महिन्याची गंगाजळी नसते त्यांनाच ही तूट सोसावी लागते, आणि त्यातून भाडं थकतं, उधारी होते. कमी पगारात प्रामाणिकपणे काम करणाऱ्या माणसाला असं ढकलणं मला अजूनही सहन होत नाही.

बचतीचंही बघा. १६,००० पौंडांच्या वर मालमत्ता असेल तर युनिव्हर्सल क्रेडिट बंद, आणि राहत्या घराखेरीजची परदेशातली मालमत्ताही विचारात घेतात. गावाकडच्या सातबाऱ्यावर तुमचं नाव असेल तर ते लपवू नका, आधी सल्ला घ्या. जर्मनीच्या विमा भत्त्याला तुमच्या बचतीशी देणंघेणं नाही.

जर्मनीत सगळं गोड आहे असं नाही. कागद टपालानं येतात, जर्मनमध्ये येतात आणि त्यातली भाषा वर्गात शिकवलेली नसते. विम्याची मुदत संपली की खालच्या पायरीवर, म्हणजे गरजूंच्या किमान भत्त्यावर, यावं लागतं. ती पायरी १ जानेवारी २००५ पासून ‘हार्ट्झ चार’ म्हणून ओळखली गेली आणि ते नाव लागणं कित्येकांना अपमानाचं वाटे. नियम मोडला तर भत्ता पूर्ण तोडण्यापर्यंत मजल जायची. ५ नोव्हेंबर २०१९ रोजी कार्ल्सरूहच्या, म्हणजे जर्मनीच्या, घटना न्यायालयानं त्याला लगाम घातला आणि अशी कपात ३० टक्क्यांवर आणली. २०२३ मध्ये त्याच्या जागी ‘ब्युर्गरगेल्ड’ आलं, आणि चान्सलर मेर्त्स यांच्या सरकारनं तेही पुन्हा कडक करायला घेतलं आहे. तिथंवर जायची वेळ आली तर जर्मनीही तुम्हाला फार सांभाळून घेईल असं मी म्हणणार नाही.

पण तिथं पोचेपर्यंत वेळ मिळतो, आणि माझ्या मते तेच महत्त्वाचं. मंदीत कारखाना थेट काढून टाकण्याआधी कुर्त्सआर्बाइट लावू शकतो, म्हणजे काम कमी आणि बुडालेल्या पगाराचा मोठा हिस्सा सरकारी विम्यातून. एप्रिल २०२० मध्ये साठ लाखांच्या आसपास लोक त्यावर होते. ब्रिटननं तेव्हा, कोविडच्या काळात, फर्लो ही तशीच योजना आणली आणि पुढच्या वर्षी बंद केली. जर्मनीत ती सोय कायमची आहे. मला पुढं नोटीस मिळाली तेव्हा भत्त्याची रक्कम पहिल्या पत्रातच कळली आणि शेवटपर्यंत तीच राहिली. बायकोनं त्यावरून वर्षाचं भाडं आणि शाळेचा खर्च मांडला. कॉव्हेंट्रीत आम्हाला पुढच्या महिन्याचाही भरवसा नव्हता.

स्वतःचा धंदा करणार असाल, जर्मन शिकायची तयारी नसेल, किंवा एका देशात सलग वर्षभर टिकण्याची खात्री नसेल, तर ब्रिटनच बरं पडेल. जर्मनीचा विमा नोकरदारासाठी बेतलेला आहे. दोन मुलं, एकाचा मुख्य पगार आणि दुसऱ्याचा अर्धवेळ, असं आमच्यासारखं घर असेल तर मी जर्मनी म्हणेन.

तिकडे गेलात तर दोन गोष्टी पाळा. नोकरी जाणार हे कळलं की तीन दिवसांत आगेंटूअरकडे नोंद करा, नाहीतर आठवड्याचा भत्ता जातो. आणि कंपनीनं परस्परसंमतीनं नोकरी सोडण्याचा कागद पुढं केला तर कामगार संघटनेला किंवा वकिलाला दाखवल्याशिवाय सही करू नका, कारण नोकरी आपणहून सोडली असं ठरलं तर बारा आठवडे एक सेंटही मिळत नाही.