दहा महिने सोलर कुकर: पोरांना ऊर्जा शिकवायला घेतला, त्याचा अनुभव

गेल्या दिवाळीनंतर आम्ही पेटीचा सोलर कुकर घेतला. स्वयंपाकाची सोय हे कारण कधीच नव्हतं. गॅस घरात आहे, सकाळी साडेआठच्या आत तीन डबे भरावे लागतात, आणि त्या वेळेला नागपुरातलं ऊनसुद्धा आळस देत असतं. घेतला तो पोरांसाठी. मोठी सहावीत, धाकटा दुसरीत. मोठीने शाळेसाठी ‘स्वच्छ ऊर्जा’ असा तक्ता केला होता. तीन पवनचक्क्या, निळं आभाळ, गॉगल घातलेला हसरा सूर्य. तक्ता छान झाला होता. मी सहज विचारलं, आपल्या घरी वीज कुठून येते गं? म्हणाली, ‘मीटरमधून.’

त्याआधी एक ऑनलाइन किट मागवून झाला होता. एका इवल्याशा पॅनेलवर सहा खेळणी चालतात म्हणे. तीन दिवस गाडी फिरली, चौथ्या दिवशी पॅनेलची तार निघाली आणि ती काही परत बसली नाही. पैसे गेले, पण एक गोष्ट धाकट्याच्या लक्षात आली: ट्यूबलाइटखाली गाडी हलत नाही, गॅलरीत नेली की पळते. तेवढं सोडलं तर तो किट घेऊ नका असंच सांगेन.

सोलर कुकर मला साडेचार हजारांना पडला. बाहेरून फायबरची पेटी, आत काळा रंगवलेला ॲल्युमिनियमचा ट्रे, दोन्हींच्या मध्ये उष्णता अडवणारी काचलोकर, वर दुहेरी काच, आणि झाकणाला आतून आरसा. सोबत चार काळे डबे. ऊन काचेतून आत जातं, काळा रंग ते पितो आणि तापतो. तापलेल्या ट्रेची उष्णता मात्र काचेतून सहज बाहेर पडत नाही. हे समजवायला मला पुस्तक काढावं लागलं नाही. मे महिन्यात उन्हात उभ्या केलेल्या कारचं दार उघडलं की काय होतं आणि सीटबेल्टचा हुक कसा चटका देतो, हे नागपूरच्या पोराला वेगळं सांगायची गरज नाही.

पहिल्या रविवारी सासूबाई गच्चीवर येऊन बघून गेल्या. ‘बाप्पा! याच्यात कवा शिजन वरण?’ त्या दिवशी त्यांचंच खरं झालं. साडेदहाला भात ठेवला आणि दोघं पोट्टे दर दहा मिनिटांनी काच उचलून बघत होते. दीड वाजता तांदूळ फुगलेला, मधोमध कच्चा. शेवटी गॅसवर आणला. जेवताना मोठीच म्हणाली, ‘आपण सारखी गरमी बाहेर सोडून राहिलो होतो.’ दुसऱ्या रविवारी धाकट्याने काचेच्या कडीला सेलोटेप लावून टाकली आणि शेजारी पहारा दिला. सव्वादोन तासांत भात मोकळा शिजला. त्या दिवशी एक जुनी दोनशेपानी वही काढली: तारीख, ठेवलं कधी, काढलं कधी, आभाळ कसं. अक्षर मोठीचं, आभाळाचा शेरा धाकट्याचा. त्याचे शेरे तीनच आहेत: ‘कडक’, ‘बरं’ आणि ‘बेकार’.

वही पुढे सरकली तसं एकेक निघायला लागलं. डिसेंबरात तुरीचं वरण तीन तास घ्यायचं. एप्रिलमध्ये तेच पावणेदोन तासांत. डाळ रात्री भिजवली तर अर्धा तास वाचतो. पाणी कुकरपेक्षा कमी लागतं, कारण शिट्ट्यांतून वाफ जात नाही. एका डब्यात खूप भरण्यापेक्षा दोन डब्यांत थोडं थोडं भरलेलं लवकर होतं. ओव्हनमध्ये ठेवायचा एक छोटा गोल तापमापक आणून ट्रेमध्ये ठेवला. डिसेंबरच्या दुपारी काटा 105 अंशांपर्यंत जायचा, एप्रिलअखेर 140 च्या आसपास. मोठीने कुठूनतरी वाचून आणलं की 1767 साली सोस्यूर नावाच्या स्विस शास्त्रज्ञाने काचांची अशीच पेटी करून 110 अंशांपर्यंत तापमान नेलं होतं. ‘म्हणजे आपला त्याच्यापेक्षा चांगला आहे,’ धाकटा म्हणाला. सव्वादोनशे-अडीचशे वर्षांनंतर एवढं तर व्हायलाच पाहिजे.

आरशाचं मात्र आम्हाला बरेच दिवस कळलं नाही. हिवाळ्यात आरसा जवळपास सरळ उभा ठेवून त्याची तिरीप डब्यांवर पडायची. मार्चमध्ये तसाच ठेवला तर तिरीप मागेच राहायची. आरसा मागे रेलवला की बरोबर आत. मोठी म्हणे आरसा बिघडला. मी म्हटलं, सूर्य कुठे आहे ते बघ. हिवाळ्यात, म्हणजे 21 डिसेंबरच्या सुमाराला, भर दुपारीही तो आपल्याकडे दक्षिणेला जेमतेम 45 अंशांवर असतो. उन्हाळ्यात चढत चढत 26 मेच्या आसपास नागपूरच्या बरोबर डोक्यावर येतो. त्या दिवशी, ऐन नवतप्यात, म्हणजे मेअखेरच्या त्या नऊ कडक दिवसांत, बारा वाजून दहा मिनिटांच्या सुमारास आम्ही गच्चीवर पाच मिनिटंच उभे राहिलो, डोक्याला दुपट्टे बांधून. स्टीलचा पेला उपडा ठेवला. सावली नव्हतीच. धाकटा पेला उचलून खाली बघून आला, सावली तिथे लपली का म्हणून.

चैत्रात नागपूरजवळच्या कोराडीच्या देवीला गेलो तेव्हाचं सांगितल्याशिवाय हा अनुभव पुरा होणार नाही. देवळाच्या वाटेवर वीज केंद्र दिसतं. धाकटा म्हणाला, ‘केवढा धूर!’ मी सांगितलं, ते कमरेत आवळलेले जाड मनोरे आहेत ना, त्यांतून निघते ती वाफ. धूर त्या उंच, बारीक चिमण्यांतून. तिथे 660 मेगावॅटचे तीन मोठे संच आहेत. दगडी कोळसा जाळायचा, पाणी उकळायचं, वाफेने चाक फिरवायचं, चाकावर वीज. आणि ती वाफ परत थंड करायला लागणारं पाणी म्हणजे आपल्याच शहराचं शुद्ध केलेलं सांडपाणी, हे ऐकल्यावर दोघांनी नाकं दाबली. मग गाडीत मागे थोडा वेळ शांतता. मोठी म्हणाली, ‘आई, म्हणजे एवढं सगळं करून ते पाणीच उकळून राहिले?’ हो. पाणीच. ‘मग आपला डबापण तेच करते.’ सहा महिने ‘ऊर्जेचं रूपांतर’ हा शब्द मी तोंडातून काढला नव्हता. बरंच केलं म्हणायचं. शिर्डीच्या प्रसादालयात 2009 साली 73 सौर तबकड्या, म्हणजे ऊन एका जागी गोळा करणारे मोठे आरसे, बसवून वाफेवर स्वयंपाक सुरू झाला, तेही तेव्हाच सांगितलं. त्यावर धाकट्याचा प्रश्न: मग कोराडीला तसंच का नाही करत? रात्री कुलर कशावर चालवशील, मी विचारलं. त्याने बराच विचार केला. ‘बॅटरी.’ केवढी? यावर तो अजून काम करून राहिला आहे.

कुलरवरून आठवलं. एक युनिट वीज करायला अर्ध्या किलोहून जास्त दगडी कोळसा लागतो. आमचा कुलर दोनशे वॅटचा, म्हणजे पाच तासांत एक युनिट. हा आकडा पोरांच्या डोक्यावरून गेला. मग कोपऱ्यावरच्या इस्त्रीवाल्या काकांकडे गेलो आणि थोडा कोळसा मागितला. ‘घेऊन जा ना बेटा, पण हात काळे होतीन,’ ते म्हणाले. तो लाकडी कोळसा, जळण्यातही वेगळा आणि वजनालाही हलका, हे सांगितलं. पण स्वयंपाकघरातल्या काट्यावर अर्धा किलो मोजल्यावर ताटभर ढीग झाला. तो ढीग धाकट्याने दोन दिवस कुलरशेजारी वर्तमानपत्रावर ठेवला होता. रिकाम्या खोलीतला कुलर बंद करायला मला त्यानंतर ओरडावं लागलं नाही. नवऱ्यालाच ऐकावं लागलं, ‘बाबा, ताटभर गेला!’

आता तक्रारी. काचेच्या दाराची रबरी पट्टी मार्चमध्येच सुटायला लागली. दुकानदार म्हणाला, ‘उन्हाने होते ना, ताई.’ उन्हात ठेवायच्या वस्तूबद्दल हे उत्तर मी दहा महिन्यांनंतरही पचवू शकलेली नाही. उष्णता सोसणारा सिलिकॉन डिंक आणून घरीच चिकटवली. डब्यांचा काळा रंग घासणीने निघतो, मऊ कापडच वापरा. पेटी बारा किलोच्या आसपास आहे आणि खाली चाकं नाहीत, त्यामुळे दर अर्ध्या तासाने सूर्याकडे फिरवणं हे मोठ्यांचंच काम. फोडणी, पोळी, भाजी परतणं यातलं काहीच होत नाही. वरण शिजवून फोडणी खाली येऊन द्यायची.

आणि एक गोष्ट माहितीपत्रकात ठळक हवी होती. ज्योत दिसत नाही, आवाज नाही, वास नाही, त्यामुळे पोरांना काही तापलंय असं वाटतच नाही. जानेवारीत धाकट्याने डबा सरळ हाताने धरला. दोन बोटांना फोड आले. तेव्हापासून काच उघडणं आणि डबे काढणं माझ्याकडे, जाड कापडाने, आणि तोंड बाजूला करून, कारण पहिली वाफ थेट चेहऱ्यावर येते. आरशात बघायचं नाही हेही ठरलेलं. एप्रिल-मेमध्ये पोरांनी नऊच्या आत डबे ठेवायचे आणि खाली यायचं. फिरवायला मी जाते.

मजा कशात आली म्हणाल तर संक्रांतीला. अख्खी गल्ली गच्च्यांवर, पतंग, ‘ओ काट’ची ओरड, आणि आमच्या गच्चीवर मध्येच धाकट्याची बोंब: ‘बाजूला व्हा, सावली पडून राहिली!’ आठ-दहा पोट्टे पेटीभोवती फेर धरून उभे होते आणि खिचडी अडली होती. महाशिवरात्रीला रताळी पाण्याशिवाय नुसती ठेवली. दोन तासांनी सालाखाली पाक सुटलेला. सासूबाईंनी त्या दिवसानंतर पेटीला नावं ठेवली नाहीत. शेंगदाणेही छान भाजले जातात, करपत नाहीत.

पैशाचं विचाराल तर मोठीने सिलेंडरच्या तारखा वहीत मागच्या पानावर लिहिल्या आहेत. पूर्वी पाच माणसांना 14.2 किलोचा सिलेंडर सरासरी 34 दिवस जायचा. फेब्रुवारी ते मे दरम्यान 39. आठवड्यातून तीन-चार दुपारीच वापर होतो, त्यामुळे साडेचार हजार वसूल व्हायला वेळ लागेल. ज्या घरी दुपारी कोणीच नसतं किंवा गच्चीची किल्ली वरच्यांकडे असते, त्यांनी घेऊ नये. फ्लॅटच्या गॅलरीत दोन तास ऊन येत असेल तर रताळी होतील, डाळ नाही.

जूनच्या मध्यापासून पेटी जिन्याखाली आहे. मध्ये पोळ्याच्या आधी तीन दिवस लख्ख ऊन पडलं तेव्हा काढली होती. भात झाला, डाळीच्या वेळी ढग आले. धाकट्याची त्या दिवसाची नोंद अशी: ‘भात कडक. डाळ बेकार. गॅस लावला. आईने लावला, मी नाही.’