निन्टेन्डो वीवरचे गेम बॅकअप : काही महिने वापरल्यानंतरचा अनुभव

मॉडिफाय केलेल्या वीवर, म्हणजे निन्टेन्डोच्या गेम कन्सोलवर, डिस्क न घालता हार्ड डिस्कवरून गेम चालतात, हे आता नवीन राहिलेलं नाही. होमब्रू चॅनल (निन्टेन्डोबाहेरची अ‍ॅप चालवणारं चॅनल), त्यावर यूएसबी लोडर जीएक्स (हार्ड डिस्कवरचे गेम सुरू करणारं अ‍ॅप) आणि मागे एक हार्ड डिस्क लावली की काम सुरू होतं. पण काही महिने रोज वापरल्यावर एक गोष्ट ठळकपणे लक्षात येते. बहुतेक जण ज्याला बॅकअप म्हणतात ती फक्त खेळायची प्रत असते. खरा बॅकअप वेगळा काढावा लागतो, वेगळ्या फॉरमॅटमध्ये आणि वेगळ्या डिस्कवर. हा अनुभव त्याच अंगाने लिहिला आहे.

सेटअप असा आहे : युरोपीय मॉडेल, सिस्टम मेनू ४.३, लेटरबॉम्ब या हॅकने उघडलेलं. एसडी कार्डावर सगळी होमब्रू अ‍ॅप, यूएसबीला २.५ इंची ५०० जीबी हार्ड डिस्क. डी२एक्स हा सीआयओएस (वीच्या आयओएस या सिस्टम सॉफ्टवेअरची बदललेली आवृत्ती) तीन स्लॉटमध्ये घातलेला आहे. २४९ मध्ये बेस (ज्यावर तो बेतला ते मूळ आयओएस) ५६, २५० मध्ये ५७ आणि २५१ मध्ये ५८. जवळजवळ सगळे गेम २४९ वरच चालतात. एखादा काळ्या स्क्रीनवर अडकला, तर लोडरमध्ये त्या गेमच्या सेटिंगमध्ये जाऊन फक्त त्याच्यापुरता २५० निवडायचा. सगळ्या गेमसाठी एकदम स्लॉट बदलू नका, कारण मग कोणता गेम नेमका कशामुळे बिघडला ते शोधत बसावं लागतं.

पहिला बॅकअप गेमचा नव्हे, कन्सोलचा घ्यायचा. बूटमी या होमब्रू साधनातून नँड मेमरीची (कन्सोलच्या आतल्या साठवणुकीची) पूर्ण प्रत निघते. मेमरी ५१२ एमबीची असली तरी फाइल ५२८ एमबीची होते, कारण प्रत्येक पानामागचा स्पेअर भागही तिच्यात येतो. फाइलच्या शेवटी त्या कन्सोलच्या कूट-किल्ल्या (एन्क्रिप्शन की) जोडलेल्या असतात. म्हणून ही फाइल दुसऱ्या वीवर घालायला अजिबात चालत नाही, आणि कुणाला द्यायचीही नाही. प्रत घेताना थोडे बॅड ब्लॉक दिसले तर घाबरू नका. कारखान्यातून आलेल्या चिपमध्येही ते असतात आणि ८० पर्यंत चालून जातात. बूटमीत माऊस किंवा रिमोट चालत नाही. पॉवरच्या बटणाने पुढे सरकायचं आणि रीसेटने निवडायचं. गेमक्यूबचा (निन्टेन्डोच्या आधीच्या कन्सोलचा) कंट्रोलर असेल तर तोही चालतो.

२००८ च्या अखेरीआधी बनलेल्या कन्सोलमध्ये बूटमी थेट बूट२ मध्ये (सुरू होताना मेनूआधी चालणाऱ्या भागात) बसतं आणि मेनू पूर्ण उडाला तरी वर येतं. नंतरच्यांमध्ये ते आयओएस म्हणूनच बसतं. म्हणजे तिथे पोचायला होमब्रू चॅनल उघडता आलं पाहिजे. अशा कन्सोलवर प्रायलोडर (मेनूच्या आधी उघडणारं साधन) घालणं मी ऐच्छिक मानत नाही. सिस्टम मेनू बिघडला तरी प्रायलोडरमधून होमब्रू चॅनल उघडतं आणि तिथून नँड परत लिहिता येते. बूट२ मधलं बूटमी आणि प्रायलोडर हे दोन्ही नसतील तर ५२८ एमबीची ती फाइल हातात असूनही काही उपयोग होत नाही.

आता गेमच्या डिस्ककडे. लोडरमध्येच डिस्क घालून थेट हार्ड डिस्कवर इन्स्टॉल करता येते, आणि सुरुवातीला सगळे तेच करतात. त्यात चूक काहीच नाही. पण तिथून जी डब्ल्यूबीएफएस फॉरमॅटची फाइल निघते तिच्यात डिस्कवरचा फक्त वापरातला भाग असतो. अपडेटचं विभाजन गाळलेलं असतं आणि मधला भराव (रिकामी जागा भरणारा निरर्थक डेटा) टाकून दिलेला असतो. म्हणूनच ४.७ जीबीच्या डिस्कवरचा वी स्पोर्ट्स अर्ध्या जीबीच्याही आत बसतो. खेळायला हे उत्तम आहे, पण त्या फाइलवरून मूळ डिस्कची बिट-न्-बिट प्रत पुन्हा कधीच तयार होत नाही. रेडम्प ही मूळ डिस्कच्या चेकसमची (तपासणीच्या आकड्यांची) यादी आहे, तिच्याशी ती जुळत नाही. त्यामुळे आपली डिस्क नीट वाचली गेली की ओरखड्यावर काही सेक्टर चुकले, हे बाहेरच्या पुराव्यावरून ठरवता येत नाही.

पक्की प्रत काढायला क्लीनरिप हे होमब्रू अ‍ॅप वापरा. ते वीवरच चालतं, डिस्क पहिल्या सेक्टरपासून शेवटच्यापर्यंत वाचतं, सीआरसी३२, एमडी५ आणि एसएचए१ हे चेकसम काढतं आणि रेडम्पच्या यादीशी ताडून सांगतं. त्यातली दोन सेटिंग महत्त्वाची आहेत. एक म्हणजे तुकड्याचा आकार. फॅट३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल राहत नाही, म्हणून ३ जीबीचे तुकडे निवडायचे आणि नंतर संगणकावर क्रमाने जोडायचे. दुसरं सेटिंग दुहेरी थराचं. सुपर स्मॅश ब्रदर्स ब्रॉल, मेट्रॉइड प्राइम ट्रिलजी आणि झेनोब्लेड क्रॉनिकल्स हे दुहेरी थराच्या डिस्कवर आले होते. तिथे एकच थर निवडला तर क्लीनरिप अर्ध्यावर थांबतं. गेम सुरू होतो, तासन्‌तास चालतो आणि पुढे कुठल्यातरी लेव्हलला अडकतो. हे टाळायचा सोपा उपाय म्हणजे जोडलेल्या फाइलचा आकार बाइटमध्ये बघणं. एका थराची वी डिस्क ४,६९,९९,७९,७७६ बाइट, दुहेरी थराची ८,५१,११,६०,३२० आणि गेमक्यूबची १,४५,९९,७८,२४०. यात एका बाइटचाही फरक असेल तर फाइल बाजूला ठेवा आणि डिस्क पुन्हा वाचा.

दुहेरी थराच्या डिस्क वाचताना लेन्सवरची धूळ सगळ्यात जास्त नडते. २००८ मध्ये ब्रॉल आला तेव्हा अनेकांच्या कन्सोलवर तो वाचलाच जात नव्हता आणि निन्टेन्डोने लेन्स साफ करून द्यायची सोय केली होती. आज ही यंत्रं पंधरा वर्षांच्या वर गेली आहेत, त्यामुळे अशा डिस्कची प्रत सगळ्यात आधी काढा. मुंबई, कोकण, गोवा अशा दमट पट्ट्यात डिस्कच्या पृष्ठभागावर बुरशीचे ठिपकेही येतात. मऊ मायक्रोफायबर कापडावर थोडं आयसोप्रोपिल अल्कोहोल घ्या आणि मधून कडेकडे सरळ रेषेत पुसा. गोल गोल पुसू नका. गोल ओरखडा डेटाच्या ट्रॅकच्याच दिशेने जातो आणि लागोपाठचे सेक्टर खातो.

क्लीनरिपची आयएसओ तशीच ठेवली तर जागा फार जाते. त्यासाठी डॉल्फिन या संगणकावरच्या वी एम्युलेटरचा आरव्हीझेड फॉरमॅट आहे, २०२० पासूनचा. या फॉरमॅटवर माझं मनापासून प्रेम बसलं आहे. वी डिस्कवरचा डेटा एईएस पद्धतीने कूटबद्ध (एन्क्रिप्ट केलेला) असतो, आणि कूटबद्ध डेटा कुठल्याही झिपने दाबला जात नाही. डब्ल्यूबीएफएस त्याला हात लावत नाही, फक्त नको तो भाग गाळतं. आरव्हीझेड मात्र आधी कूट उलगडतं, मग दाबतं. मधला भराव हा एका ठरावीक सूत्राने निर्माण केलेला असतो, म्हणून तो भराव साठवण्याऐवजी त्याचं बीज (सूत्राची सुरुवातीची किंमत) तेवढं साठवतं. त्यामुळे मूळ आयएसओ हॅशसकट (चेकसमसकट) जशीच्या तशी परत मिळते, आणि तरीही फाइल बहुधा डब्ल्यूबीएफएसपेक्षा लहानच असते. डॉल्फिनमध्ये गेमवर उजवी क्लिक करून कन्व्हर्ट निवडा. झेडस्टँडर्ड, पातळी ५ आणि १२८ केबी ब्लॉक ही मूळ सेटिंगच ठेवा. रूपांतर झाल्यावर गेमच्या प्रॉपर्टीजमधल्या व्हेरिफाय टॅबवर जाऊन एकदा तपासा आणि मगच आयएसओ पुसा. हे आरव्हीझेड वीवर चालत नाहीत आणि तिथे चालायची त्यांना गरजही नाही. ते संगणकाच्या डिस्कवर आणि आणखी एका वेगळ्या डिस्कवर राहतात.

वीच्या हार्ड डिस्कबद्दल बरंच काही चुकू शकतं, म्हणून सविस्तर. एमबीआर आणि जीपीटी या डिस्क विभागायच्या दोन पद्धती, त्यातली ती एमबीआरची हवी, जीपीटीची नको. पहिलं आणि एकच प्रायमरी विभाजन ठेवायचं, फॅट३२, क्लस्टर ३२ केबी. विंडोजची नेहमीची फॉरमॅटची खिडकी ३२ जीबीच्या पुढे फॅट३२ देत नाही, त्यासाठी गुईफॉरमॅट हे साधन वापरावं लागतं. लोडर एनटीएफएसही वाचतो, पण होमब्रू चॅनल आणि निन्टेन्डॉन्ट (गेमक्यूबचे गेम चालवणारं अ‍ॅप) वाचत नाहीत, म्हणून तो मोह टाळलेला बरा. डिस्क जोडायची ती मागच्या दोन यूएसबी पोर्टपैकी कन्सोलच्या कडेजवळच्या पोर्टला. दुसऱ्या पोर्टला जोडली तर सीआयओएसला ती नेहमीच्या सेटिंगवर दिसत नाही आणि लोडर डिस्कची वाट बघत सेकंद मोजत बसतो.

पोर्टमधून वीज बेताची मिळते, ५०० मिलिअँपिअर. २.५ इंची डिस्क फिरायला सुरुवात करताना त्याहून जास्त मागते. टकटक आवाज येऊन डिस्क पुन्हा पुन्हा सुरू होत असेल तर ती खराब झालेली नसून उपाशी असण्याची शक्यता जास्त. दोन तोंडांची केबल घ्या, डेटाचं तोंड कडेच्या पोर्टला आणि विजेचं दुसऱ्याला लावा. काही तयार एक्सटर्नल डिस्क काही मिनिटं वाचन झालं नाही की स्वतःच झोपतात, आणि मग गेम पॉझवरून परत आल्यावर गोठतो. अशा डिस्कचा झोपेचा टायमर तिच्या कंपनीच्या सॉफ्टवेअरमधून बंद करता आला तर ठीक, नाहीतर साध्या डबीत घातलेली सुटी डिस्क घ्या. पेनड्राइव्हवर काही गेम चालतात, पण सतत व्हिडिओ आणि आवाज वाचणाऱ्या गेममध्ये अडखळतात. रोजच्या वापरासाठी मी ते सुचवणार नाही.

फोल्डरची रचना काटेकोर हवी. वी गेमसाठी डिस्कच्या मुळाशी डब्ल्यूबीएफएस नावाचं फोल्डर, त्यात गेमचं नाव आणि चौकटी कंसात सहा अक्षरी आयडी असलेलं फोल्डर, आणि त्यात आयडीच्याच नावाची फाइल. आयडीतलं चौथं अक्षर प्रदेश सांगतं : पी म्हणजे युरोप, ई म्हणजे अमेरिका, जे म्हणजे जपान. ब्रॉलसारखा ४ जीबीपेक्षा मोठा गेम दोन फाइलींत तुटतो, दुसरीचं एक्सटेन्शन डब्ल्यूबीएफ१ असतं. दोन्ही त्याच फोल्डरमध्ये राहू द्या आणि हाताने नावं बदलू नका. विंडोजवर वी बॅकअप मॅनेजर हे सगळं आपोआप करतं. मॅक आणि लिनक्सवर विम्स आयएसओ टूल्स आहेत, आणि त्यातला व्हेरिफाय हा आदेश मला फार मोलाचा वाटतो. वी डिस्कच्या रचनेतच हॅशची उतरंड असते, म्हणून गाळलेल्या डब्ल्यूबीएफएसमधला उरलेला डेटा तरी शाबूत आहे का, हे त्यावरून कळतं. हार्ड डिस्क जुनी होऊ लागली की दर काही महिन्यांनी हा आदेश सगळ्या फोल्डरवर चालवावा.

गेम पुसून नवे टाकत राहिलं की फाइलींचे तुकडे पडतात. सीआयओएसला गेम सुरू होण्याआधी त्या तुकड्यांची यादी द्यावी लागते आणि त्या यादीला मर्यादा आहे. आधीचे गेम चालत असून आज नवीन टाकलेला चालत नसेल, तर फाइलवर संशय घेण्याआधी हे तपासा. इथे डीफ्रॅग करण्यापेक्षा सगळं संगणकावर उतरवा, डिस्क फॉरमॅट करा आणि परत चढवा. वेळ जातो, पण डिस्क स्वच्छ होते.

गेमक्यूबचे गेम निन्टेन्डॉन्टवर चालतात आणि इथे तक्रारीला जागा नाही. गेम्स नावाच्या फोल्डरमध्ये प्रत्येक गेमचं उपफोल्डर, फाइलचं नाव गेम.आयएसओ, दुसरी डिस्क असेल तर डिस्क२.आयएसओ. मेमरी कार्डाचं अनुकरण चालू ठेवलं की सेव्ह फाइली सेव्ह्ज फोल्डरमध्ये साध्या फाइली म्हणून राहतात. तेवढं फोल्डर कॉपी केलं की झालं. २०११ च्या फॅमिली एडिशनमध्ये गेमक्यूबचे पोर्ट नाहीत, तरी यूएसबी कंट्रोलरने खेळता येतं.

वीच्या सेव्ह मात्र नँडमध्ये जातात, आणि इथेच बहुतेकांचा बॅकअप तोकडा पडतो. हार्ड डिस्कवरच्या गेमच्या फाइली पुन्हा काढता येतात, चाळीस तासांची प्रगती येत नाही. मेनूमधून एसडी कार्डावर सेव्ह कॉपी करायची सोय आहे, पण मारियो कार्ट वी आणि ब्रॉल यांच्या सेव्ह तो मेनू कॉपी करूच देत नाही. सेव्हगेम मॅनेजर जीएक्स ही अडवणूक मानत नाही, त्याने सगळ्या सेव्ह काढता येतात. दुसरा मार्ग म्हणजे लोडरमधलं नँड एम्युलेशन (नँडऐवजी हार्ड डिस्कवरचं फोल्डर वापरणं) अंशतः चालू करणं. मग सेव्ह हार्ड डिस्कवरच्या नँड फोल्डरमध्ये पडतात आणि संगणकावरून सरळ कॉपी होतात. मी दुसरा मार्ग पसंत करतो, एका अटीवर : ते फोल्डर नियमितपणे दुसरीकडे उतरवायचं. नाहीतर हार्ड डिस्क गेली की गेम आणि सेव्ह एकदमच जातात. पूर्ण एम्युलेशनची गरज फक्त चॅनल गेमसाठी (वी शॉपवरून उतरवलेल्या गेमसाठी) लागते. निन्टेन्डोचं हे ऑनलाइन दुकान, वी शॉप, ३० जानेवारी २०१९ ला बंद झालं, त्यामुळे वीवेअरवर (तिथून विकत घेतलेल्या गेमवर) पैसे खर्च केलेले असतील तर नँडची ताजी प्रत घेऊन ठेवाच.

एसडी कार्डाचाही एक संच ठेवा. लोडरच्या सेटिंग कॉन्फिग फोल्डरमध्ये असतात : जीएक्सग्लोबल आणि जीएक्सगेमसेटिंग्ज या दोन फाइलींत कोणत्या गेमला कोणता स्लॉट, कोणता व्हिडिओ मोड हे सगळं असतं. कार्ड मेलं तर अ‍ॅप परत मिळतात, हे बारकावे मिळत नाहीत.

कायद्याबद्दल थोडक्यात. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२ संगणक प्रोग्रॅमची कायदेशीर प्रत ज्याच्याकडे आहे त्याला नाश किंवा नुकसानीपासून संरक्षण म्हणून बॅकअप प्रत काढू देतं. वर लिहिलेलं सगळं स्वतःच्या डिस्कसाठीच आहे. डिस्क विकली तर तिची प्रतही पुसायची.

अमेरिकेतून कुणी कन्सोल आणून देत असेल तर अडॅप्टर आधी बघा. तिकडचा १२० व्होल्टचा असतो, आपल्याकडच्या २३० व्होल्टवर थेट लावला तर जळतो. कन्सोलला आत १२ व्होल्ट, ३.७ अँपिअर लागतात. त्या मापाचा आणि योग्य पिनचा २३० व्होल्टवाला अडॅप्टर मिळाला की ट्रान्सफॉर्मरची गरज उरत नाही.