किसिंजर यांचं 'डिप्लोमसी': पहिला अर्धा भाग जरूर वाचा

अमेरिकेचे माजी परराष्ट्रमंत्री हेन्री किसिंजर यांचं मुत्सद्देगिरीच्या इतिहासावरचं हे १९९४चं पुस्तक ८००हून अधिक पानांचं आहे. झोपून वाचायचा नाद सोडा, मनगट भरून येतं.

सतराव्या शतकातला फ्रान्सचा मुख्य मंत्री रिशेल्यू मात्र चुकवू नका. स्वतः कॅथलिक कार्डिनल, पण तीस वर्षांच्या युद्धात ऑस्ट्रिया-स्पेनच्या कॅथलिक हॅब्सबर्ग राजघराण्याला वेसण घालायला प्रोटेस्टंट राजांना पैसा पुरवतो! मग १८१४-१५ची व्हिएन्ना परिषद: नेपोलियनच्या युद्धांत हरलेल्या फ्रान्सचा परराष्ट्रमंत्री तालेरां जेत्यांमधल्या कुरबुरी हेरून त्यांच्याच पंगतीत पाट मांडतो. ऑस्ट्रियाचा मेटर्निक आणि जर्मनी एक करणारा बिस्मार्क यांच्यावर तर लेखकाचा जीवच आहे, आणि तो लपतही नाही.

पहिल्या महायुद्धातले अमेरिकी राष्ट्राध्यक्ष विल्सन यांच्यावरची पानं रेटावी लागली.

खरी गोची व्हिएतनामच्या तीन प्रकरणांत आहे. तिसऱ्यात राष्ट्राध्यक्ष निक्सन येतात, म्हणजे त्यांचे सुरक्षा सल्लागार खुद्द किसिंजर. इथे इतिहासकार उठतो आणि त्याच खुर्चीत वकील येऊन बसतो. शेजारच्या कंबोडियावर अमेरिकेने केलेल्या बॉम्बहल्ल्यांबद्दल तरी दुसऱ्या कुणाचं पुस्तक शेजारी ठेवाच.

घ्यायचं तर जाड पुठ्ठ्याची प्रत घ्या. माझ्या पेपरबॅकची बांधणी बिस्मार्कपर्यंतही टिकली नाही.