सफरचंद-अक्रोडाच्या क्रम्बलवर पारखलेला २८ लिटरचा ओव्हन

टेबलावर ठेवण्याचा ओव्हन, ज्याला बाजारात सरसकट ओटीजी म्हणतात, विकत घेताना बहुतेक जण त्यात केक कसा होतो एवढेच विचारतात. माझ्या मते केकवरून ओव्हनची पुरती पारख होत नाही, कारण पीठ नीट फेटलेले असले आणि भांडे मध्यभागी ठेवले की साधारण बरा ओव्हनही केक फुगवून देतो. सफरचंद आणि अक्रोडाचा क्रम्बल मात्र ओव्हनला सवलत देत नाही. त्यात खाली फळाच्या फोडी असतात, ज्यांचा रस कडेने बुडबुडे येईपर्यंत तापावा लागतो. वर बटर, पीठ आणि साखरेचा कोरडा चुरा असतो, जो तांबूस आणि खुसखुशीत व्हावा लागतो. आणि त्या चुऱ्यातच अक्रोडाचे तुकडे असतात, जे चार मिनिटे जास्त झाली तरी कडू होतात. या तीनही गोष्टी एकाच भांड्यात आणि एकाच वेळी साधाव्या लागतात, म्हणून गेल्या सप्टेंबरअखेरीस घेतलेल्या ओव्हनचे हे परीक्षण मी क्रम्बलच्या आधारे लिहीत आहे. दोन महिन्यांत तो अकरा वेळा केला.

कंपनीचे नाव देत नाही, कारण नागपूरच्या सीताबर्डीवरील ज्या दुकानातून हा ओव्हन घेतला तेथे याच घडणीचे, याच बटणांचे तीन ओव्हन तीन वेगवेगळ्या नावांनी शेजारी शेजारी मांडलेले होते आणि त्यांच्या किमतींत काही शेकड्यांचाच फरक होता. क्षमता २८ लिटर, वीज १६०० वॉट, वर दोन आणि खाली दोन तापणाऱ्या सळया, आत हवा फिरवणारा पंखा आणि पुढे तीन गोल बटणे: तापमान, कोणत्या सळया चालवायच्या ते आणि वेळ. कोंबडी फिरवून भाजण्याची शीगही सोबत येते, जी आमच्या घरात पनीर भाजण्यासाठी एकदाच बाहेर निघाली आणि नंतर माळ्यावर गेली.

घरी आणण्यापूर्वी स्वयंपाकघरातील प्लग पाहून ठेवावा. १६०० वॉटचे यंत्र २३० व्होल्टवर सुमारे ७ अँपिअर विद्युतप्रवाह घेते, म्हणजे मिक्सरचा ६ अँपिअरचा नेहमीचा प्लग त्याला पुरत नाही आणि मोठ्या भोकांचा १६ अँपिअरचा प्लगच लागतो. धरमपेठेतील आमच्या जुन्या फ्लॅटमध्ये असा प्लग एकच होता आणि तोही फ्रिजच्या मागे, त्यामुळे ओव्हनच्या आधी इलेक्ट्रिशियनला बोलवावे लागले. दुकानदाराने हे सांगितले नव्हते.

आता मुख्य गोष्ट, म्हणजे उष्णता. बटणावर १८० हा आकडा लावून आत वेगळा तापमापक ठेवला असता काटा १६५च्या आसपास रेंगाळत राहिला. पुस्तिकेत ओव्हन १० मिनिटांत तापतो असे लिहिले आहे. माझ्याकडे त्याला १७ मिनिटे लागली, आणि तीही नागपूरच्या ऑक्टोबरमध्ये, जेव्हा दुपारी स्वयंपाकघरच ३३ अंशांवर असते. या ओव्हनमध्ये तापमान सांभाळण्याचे काम दोन धातूंची एकत्र जोडलेली पट्टी करते. तापल्यावर ती वाकते आणि सळयांची वीज तोडते, थंड झाली की सरळ होऊन पुन्हा जोडते. त्यामुळे आतील तापमान स्थिर न राहता सतत वरखाली होत असते, आणि या यंत्रात तो झोका मला साधारण २५ अंशांचा आढळला. या किमतीत त्याबद्दल तक्रार करण्यात अर्थ नाही. मात्र आतील तापमान बटणावरच्या आकड्याहून सरासरीनेच १५ अंश कमी असणे ही कारखान्यात सुधारण्याजोगी चूक आहे, आणि ज्याच्याकडे वेगळा तापमापक नाही तो बिचारा आपल्याच पाककृतीला दोष देत बसेल.

पहिल्या खेपेला माझेही तेच झाले. १८० अंशांवर ४० मिनिटे ठेवूनही वरचा चुरा पांढुरका राहिला, वेळ वाढवला तेव्हा खालची फळे लगदा झाली, आणि सासूबाईंनी एक चमचा चाखून “हे तं सफरचंदाचं भरीत होऊन गेलं,” असा निकाल दिला. वांग्याच्या भरिताचा दिवस असता तर तो गौरव ठरला असता.

त्या लगद्याचा सगळा दोष ओव्हनचा नव्हता, सफरचंदाचाही होता. ऑक्टोबरमध्ये नागपुरात काश्मीरचा माल भरपूर येतो आणि त्यात लालभडक, गोड, टोकाशी निमुळते डेलिशियस जातीचे फळ सर्वांत जास्त दिसते. ते नुसते खायला उत्तम, पण त्यात आंबटपणा कमी असतो आणि भाजल्यावर त्याच्या फोडी आकार धरत नाहीत. हिमाचलमधील किन्नौरचे उशिरा उतरणारे सफरचंद अधिक टणक असते आणि गोकुळपेठेच्या बाजारात ते विचारल्यास मिळते. हिरवे, आंबट ग्रॅनी स्मिथ या कामासाठी सर्वांत योग्य, पण ते महाग पडते. शेवटी मी तीन किन्नौरी आणि एक ग्रॅनी स्मिथ असे प्रमाण ठरवले. फोडी अर्ध्या पेराहून बारीक करू नयेत आणि चिरताक्षणी त्यांना लिंबाचा रस लावावा, कारण आंबटपणामुळे फळ काळे पडत नाही आणि भाजताना लवकर विरघळतही नाही.

चौघांसाठीचे माझे प्रमाण असे स्थिरावले: सोललेली सफरचंदे ७५० ग्रॅम, चिरलेला गूळ ६० ग्रॅम, एका लिंबाचा रस, एक चमचा दालचिनीची पूड, अर्धा चमचा सुंठ आणि एका संत्र्याची किसलेली साल. आंबिया बहराची संत्री याच सुमारास बाजारात येऊ लागतात आणि त्या सालीने या परदेशी पदार्थाला नागपूरचा वास येतो. वरच्या चुऱ्यासाठी कणीक १०० ग्रॅम, ज्वारीचे पीठ ५० ग्रॅम, साखर ७० ग्रॅम, खारे बटर ९० ग्रॅम आणि अक्रोडाचे जाडसर तुकडे ८० ग्रॅम. ज्वारीला चिकटपणा नसल्यामुळे चुरा अधिक भुसभुशीत होतो. नुसत्या मैद्याचा चुरा मला कडक आणि नीरस वाटला. क्रम्बल हा मूळचा ब्रिटिश पदार्थ असून दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तेथे रेशनिंग असताना तो विशेष रुळला असे मानले जाते, कारण ‘पाय’ हा पिठाच्या पारीत फळे भरून भाजलेला पदार्थ करायला लागते त्याहून कमी पिठात आणि कमी बटरमध्ये तो होतो. तेव्हा काटकसरीने ज्वारी वापरणे त्याच्या स्वभावाला धरूनच आहे.

बटर मात्र गार हवे. आपल्याकडच्या ऑक्टोबरच्या उकाड्यात ते पीठ चोळता चोळताच वितळते आणि चुऱ्याऐवजी गोळा तयार होतो, म्हणून तुकडे करून २० मिनिटे फ्रीजरमध्ये ठेवावेत, आणि चुरा झाल्यावर तोही ओव्हन तापेपर्यंत फ्रिजमध्ये ठेवावा. काचेचे भांडे मात्र फ्रिजमधून काढून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवू नये. ते तडकण्याची भीती असते. मी काचेचेच वापरते, कारण साध्या ॲल्युमिनियमच्या डब्यात आंबट फळाला धातूची चव उतरते, आणि काचेतून कडेला उकळणारा रसही दिसतो.

अक्रोड इतवारीच्या बाजारातून आणले. अक्रोडातील तेल लवकर खवट होते, म्हणून उघड्या पोत्यातील गर घेण्याऐवजी कवचासकट कागदी अक्रोड घेऊन घरी फोडणे बरे. एकदा अर्ध्या अक्रोडांच्या जागी चारोळी घालून पाहिली. विदर्भाच्या जंगलातील हा मेवा चवीला सुरेख लागतो, पण दाणा एवढा लहान की वरच्या सळयांखाली तो पंधरा मिनिटांतच करपला. तेव्हापासून चारोळी मी चुऱ्यावर न पेरता फळातच मिसळते.

करपण्याचे कारण शोधताना ओव्हनचा दुसरा स्वभाव कळला. जाळीवर पावाचे सहा तुकडे पसरून, वरच्या आणि खालच्या सळया लावून आठ मिनिटे भाजले, तर मागच्या डाव्या कोपऱ्यातील तुकडा गडद तपकिरी आणि पुढचा उजवा जवळजवळ पांढरा निघाला. पंखा लावून हाच प्रयोग केला तेव्हा फरक बराच कमी झाला. म्हणून आता कृती अशी ठरली आहे: बटण १९५वर, जाळी सर्वांत खालच्या खाचेत, पहिली २५ मिनिटे दोन्ही बाजूंच्या सळया पंख्याशिवाय, मग भांडे फिरवून पंख्यासह आणखी १५ मिनिटे. अक्रोडाचे मोठे तुकडे शेवटच्या १५ मिनिटांच्या आधी घालायचे. सहाव्या खेपेपासून एकही क्रम्बल बिघडलेला नाही. दार उघडण्याचे काम झटपट आटपावे लागते, कारण एवढ्या लहान पोकळीतील गरम हवा दहा सेकंदांत निघून जाते आणि काटा ३० अंशांनी खाली येतो. दाराला काच एकेरी असल्यामुळे ती बाहेरूनही चटका बसण्याइतकी तापते. घरात लहान मूल असेल तर हा दोष किरकोळ मानू नये.

वीज किती जळते हे अनेकांनी विचारले. घरातील इतर सर्व उपकरणे बंद ठेवून मीटर पाहिला तेव्हा तापण्यापासून भाजून होईपर्यंत, म्हणजे ५७ मिनिटांत, साधारण १.१ युनिट वीज लागली. सळया मधूनमधून बंद होत असल्याने हिशेब पूर्ण १६०० वॉटचा होत नाही. पूर्वी मी हाच पदार्थ कुकरमध्ये तळाशी मीठ घालून गॅसवर करून पाहिला होता. फळ शिजले, पण वरून धग नसल्यामुळे चुरा वाफेने ओलसर राहिला. मायक्रोवेव्हमध्ये तर त्याला रंगही येत नाही.

गोल बटणांच्या साधेपणाचा एक फायदा अनपेक्षितपणे कळला. ऑक्टोबरच्या सुरुवातीला एका संध्याकाळी विजा कडाडल्या आणि भाजणे अर्धे झालेले असताना वीज गेली. बारा मिनिटांनी ती परत आली तेव्हा ओव्हन आपोआप जेथल्या तेथे सुरू झाला. आकडे दाखवणाऱ्या यंत्रात बहुधा सगळे पुन्हा लावावे लागले असते. फक्त वेळेचे बटण स्प्रिंगवर चालते आणि अंधारातही टिकटिकत राहते, त्यामुळे ती बारा मिनिटे हाताने वाढवावी लागली. पुढे तेच बटण पाचव्या आठवड्यात अडकले. हमीत दुरुस्ती झाली, पण तंत्रज्ञ यायला अकरा दिवस लागले आणि मधल्या काळात मला तीनदा फोन करून तोच अनुक्रमांक तिघांना सांगावा लागला. खरेदीच्या वेळी कबूल केलेले घरी येऊन दाखवण्याचे प्रात्यक्षिक आजतागायत झालेले नाही.

साफसफाईबद्दल थोडेच सांगण्यासारखे आहे. गुळाचा रस उतू जाऊन खालच्या सळईवर पडला तर तो कोळसा होऊन धुरकट वास देतो, म्हणून खालच्या तबकावर फॉइल पसरावा; सळयांना तो टेकू देऊ नये.

एकूण आठ हजारांच्या आसपास गेले, त्यात तापमापकाचे चारशे धरावेत, कारण त्याच्याशिवाय हा ओव्हन घेण्याचा सल्ला मी देणार नाही. तेवढे केले तर चौघांच्या कुटुंबाला तो पुरेसा आहे. ज्यांना एकावेळी दोन भांडी भाजायची असतील त्यांनी मोठा पाहावा. यात दुसरी जाळी लावली की वरचे करपते आणि खालचे कच्चे राहते.

कोजागिरीच्या रात्री गच्चीवर मसाला दुधाआधी हा क्रम्बल ठेवला होता. कस्टर्डऐवजी त्याच आटवलेल्या दुधाचा एकेक डाव वर घातला, आणि सासूबाईंनी या वेळी भरिताचे नाव काढले नाही. उरलेले भांडे दुसऱ्या दिवशी १५० अंशांवर १२ मिनिटे ठेवले तेव्हा चुरा पुन्हा कुरकुरीत झाला.