फॉर्मेलिन घ्यावं की दुसरं काही? बायोप्सीच्या डबीपासून कोंबड्यांच्या शेडपर्यंत

गेल्या पावसाळ्यात खानापूरकडच्या माझ्या मामेभावाचा फोन आला. "ताई, शेड रिकामं झालंय. पुढची बॅच यायच्या आत फॉर्मेलिन मारू की ब्लीचिंग पावडर? दुकानदार म्हणतो फॉर्मेलिनच भारी." त्याच आठवड्यात शेजारच्या काकूंनी विचारलं, की त्यांच्या सुनेच्या मानेतली गाठ काढणार आहेत, ती लॅबपर्यंत सलाईनमध्ये आणली तर चालेल का?

मी बेळगावात पॅथॉलॉजी लॅबमध्ये वीस वर्षं काम करते. दोघांच्या प्रश्नात बाटली एकच होती, पण उत्तरं मी एकमेकांच्या उलट दिली. काकूंना सांगितलं, फॉर्मेलिनशिवाय गाठ तिथून हलवू देऊ नका. भावाला सांगितलं, तो कॅन दुकानातच राहू दे.

टक्के कशाचे?

फॉर्मल्डिहाइड हा मुळात वायू. तो पाण्यात विरघळवला की त्याला फॉर्मेलिन म्हणतात. दुकानातल्या कॅनमध्ये साधारण ३७ ते ४० टक्के फॉर्मल्डिहाइड असतं आणि ते साका धरू नये म्हणून थोडं मिथेनॉल घातलेलं असतं. खरी चूक होते ती पाणी घालताना. लॅबमध्ये आम्ही ज्याला '१० टक्के फॉर्मेलिन' म्हणतो ते म्हणजे कॅनमधलं १ माप आणि पाणी ९ मापं. त्यात प्रत्यक्ष फॉर्मल्डिहाइड ४ टक्क्यांच्या आसपासच असतं. कुणीतरी '४ टक्के' एवढंच ऐकतं, कॅनमधली ४ मापं आणि पाण्याची ९६ मापं करतं, आणि तुकडा आतून कच्चा राहतो. आपल्याकडे कॅनवरचं लेबल इंग्रजीत नाहीतर कन्नडमध्ये असतं. मराठी शाळेत शिकलेला माणूस नुसता आकडा वाचून मोकळा होतो. म्हणून टक्के फॉर्मेलिनचे की फॉर्मल्डिहाइडचे, एवढं विचारूनच मापाला हात घाला.

नावाचाही एक उलगडा करते, कारण तो पुढे कामाला येतो. यातला 'फॉर्म' आकाराचा नव्हे. लॅटिनमध्ये फॉर्मिका म्हणजे मुंगी, मुंगीच्या डंखातलं ते फॉर्मिक आम्ल, आणि फॉर्मल्डिहाइड त्याच घराण्यातलं. जुन्या, उघड्या राहिलेल्या फॉर्मेलिनमध्ये हळूहळू तेच आम्ल तयार होतं.

हे रसायन बुत्लेरोव्ह या रशियन शास्त्रज्ञाच्या हाती १८५९ मध्ये लागलं, पण ऊतक टिकवण्याचा त्याचा गुण कळायला १८९३ साल उजाडलं. जर्मनीत फर्डिनांड ब्लूम नावाचे डॉक्टर ते जंतुनाशक म्हणून तपासत होते. काम करता करता त्यांच्या लक्षात आलं, की आपल्याच बोटांची कातडी कडक झाली आहे. जंतू मारणं आणि मांस टिकवणं ही दोन कामं मुळात एकच आहेत, हे त्या बोटांनी दाखवलं. फॉर्मल्डिहाइड प्रथिनांचे धागे एकमेकांना टाचून टाकतं. जंतूचे टाचले की जंतू मरतो, ऊतकाचे टाचले की ते आहे तसं थांबतं. आपलं नाक, डोळे, श्वासनळी यांनाही ते वेगळं समजत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २००४ मध्ये त्याला माणसात कर्करोग करणाऱ्या पदार्थांच्या पहिल्या गटात टाकलं.

काढलेली गाठ : फॉर्मेलिन, सलाईन की स्पिरिट?

इथे मी जरा थांबून सांगणार आहे, कारण इथली चूक परत दुरुस्त करता येत नाही.

माझ्या मावशीच्या छातीतली गाठ तालुक्याच्या ठिकाणी एका छोट्या दवाखान्यात तपासणीसाठी काढली. शनिवारची संध्याकाळ. तिथे फॉर्मेलिन संपलेलं होतं, म्हणून गाठ सलाईनमध्ये घालून डबी मावसभावाच्या हातात दिली. रविवारी लॅब बंद. सोमवारी सकाळच्या एसटीने तो बेळगावला आला आणि डबी मीच उघडली. पाणी गढूळ झालेलं, तुकडा चिमट्यात धरला की दबत होता आणि वास लागलेला. काच तयार केली, रंग दिला, सूक्ष्मदर्शकाखाली डॉक्टरांनी पाहिलं तर पेशींच्या कडाच उरल्या नव्हत्या. मावशीला पुन्हा टेबलावर घ्यावं लागलं. सत्तरीच्या बाईला दुसऱ्यांदा भूल, दुसऱ्यांदा टाके, आणि पंधरा दिवस वाया. तीस-चाळीस मिलिलिटर फॉर्मेलिन असतं तर यातलं काही घडलं नसतं. आजही मला त्याचा राग येतो.

सलाईन म्हणजे मिठाचं पाणी. ते तुकडा ओला ठेवतं, टिकवत नाही. रक्तपुरवठा तुटला की पेशी आपल्याच पाचकरसांनी विरघळायला लागतात आणि उकाड्यात ते आणखी लवकर होतं. स्पिरिट त्याहून बरं, त्याने तुकडा टिकतो, पण आकसतो आणि कडक होतो. नाइलाज असेल तर चालवून घेता येतं, आपणहून निवडायची गोष्ट नाही. बायोप्सीसाठी १० टक्के बफर केलेलं (म्हणजे आम्ल वाढू न देणारे क्षार घातलेलं) फॉर्मेलिन, याला माझ्या मते पर्याय नाही.

बफर केलेलं अशासाठी, की ते मुंगीचं आम्ल वाढलं की तुकड्यात तपकिरी ठिपके पडतात आणि हाडातला चुना विरघळतो. छोट्या दवाखान्यालाही ते घरच्या घरी करता येतं : कॅनमधलं फॉर्मेलिन १०० मिलिलिटर, डिस्टिल्ड वॉटर ९०० मिलिलिटर, त्यात सोडियम डायहायड्रोजन फॉस्फेट ४ ग्रॅम आणि डायसोडियम हायड्रोजन फॉस्फेट ६.५ ग्रॅम.

डबी रुंद तोंडाचीच घ्या. इंजेक्शनच्या किंवा औषधाच्या अरुंद तोंडाच्या बाटल्या आमच्याकडे अजून येतात. मऊ गाठ बोटाने ढकलून आत जाते, पण फॉर्मेलिनमध्ये ती रबरासारखी घट्ट होते आणि मग बाहेर येत नाही. बाटली कापावी लागते. तुकड्याच्या निदान दहापट द्रव हवा. फॉर्मेलिन मांसात तासाला सुमारे १ मिलिमीटर एवढंच शिरतं, त्यामुळे आख्खं स्तन किंवा गर्भाशय काढलं असेल तर ते नुसतं बुडवून दोन दिवस ठेवू नका, त्याच दिवशी लॅबला कळवा. तिथे चिरा देऊन ते आतपर्यंत पोचवतात. स्तनाच्या गाठीवर पुढे हार्मोनच्या तपासण्या व्हायच्या असतात. त्यासाठी तुकडा फॉर्मेलिनमध्ये किमान ६ आणि जास्तीत जास्त ७२ तास असावा असा दंडक आहे. लांबची सुट्टी आली तर हा हिशेब आधीच करा.

आणि आता अपवाद, जो काकूंच्या सुनेला नेमका लागू होता. मानेतली गाठ टीबीची असण्याचा संशय असेल तर तिचा एक भाग फॉर्मेलिनमध्ये आणि दुसरा भाग निर्जंतुक सलाईनमध्ये, अशा दोन डब्या लागतात. सीबीनॅट (टीबीच्या जंतूंची जनुकीय तपासणी) आणि कल्चर (जंतू वाढवून बघणं) सलाईनमधल्या तुकड्यावर होतं. कल्चरला जिवंत जंतू लागतात आणि फॉर्मेलिनमध्ये ते जगत नाहीत. सगळी गाठ फॉर्मेलिनमध्ये गेली तर कोणत्या औषधाला जंतू दाद देत नाहीत हे कल्चरवर कळायचा मार्गच बंद होतो. सलाईनची डबी थंड ठेवून त्याच दिवशी पोचवायची. ऑपरेशनच्या आधी डॉक्टरांना विचारा, "टीबीसाठी वेगळी डबी करणार का?" विचारण्यात कसलाही कमीपणा नाही.

कॉलेजच्या बरण्या

निपाणी, चिकोडीकडच्या कॉलेजांतल्या काही प्राध्यापकांनी विचारलं होतं म्हणून थोडक्यात. मासा, बेडूक, साप यांचे नमुने आधी १० टक्के फॉर्मेलिनमध्ये पक्के करावेत, मग वाहत्या पाण्यात चांगले धुवून ७० टक्के अल्कोहोलमध्ये ठेवावेत. कायम फॉर्मेलिनमध्ये ठेवलेले जीव ठिसूळ होतात, बारीक हाडं झिजतात आणि मुलांचे डोळे चुरचुरतात ते वेगळंच. ज्या नमुन्यावर पुढे डीएनएचं काम करायचं असेल तो सुरुवातीपासून स्पिरिटमध्येच ठेवावा, कारण फॉर्मेलिन डीएनए खराब करतं. स्पिरिटची अडचण अशी, की ते उडून जातं, पेट घेतं आणि अबकारी खात्याचा परवाना लागतो. फॉर्मेलिन कुठेही सहज मिळतं, म्हणून जुन्या बरण्यांत तेच भरलेलं असतं. सवड काढून बदलून घ्या.

शेड : फॉर्मेलिन, ब्लीचिंग पावडर, चुना

आता भावाचा प्रश्न. फॉर्मेलिनची बाजू आधी प्रामाणिकपणे सांगते. विष्ठा, पिसं, खाद्याची भुकटी असली तरी त्याचा जोर ब्लीचिंग पावडरसारखा लगेच उतरत नाही, आणि दबा धरून बसलेल्या टणक कवचाच्या जंतूंनाही ते मारतं. हॅचरीच्या, म्हणजे अंडी उबवण्याच्या, बंद खोलीत म्हणूनच ते अजून वापरतात. १०० घनफुटाला ४० मिलिलिटर फॉर्मेलिन आणि २० ग्रॅम पोटॅशियम परमँगनेट, हे धुरीचं जुनं माप.

याच मापाने भावाच्या शेडचा हिशेब मांडून दाखवला. १०० फूट लांब, २० फूट रुंद, सरासरी १० फूट उंच, म्हणजे २०,००० घनफूट. फॉर्मेलिन ८ लिटर, परमँगनेट ४ किलो. आणि शेडला दोन्ही बाजूंनी जाळी, त्यावर पोत्यांचे पडदे! वायू आत थांबणार कसा? धुरीला २४ तास बंद जागा, उबदार आणि दमट हवा लागते. खानापूरच्या पावसात दमटपणा हवा तेवढा आहे, पण जाळीतून वारा आरपार जातो. पैसे वाऱ्यावर जाणार आणि तो वारा शेडला लागून असलेल्या घरात, आजीच्या दम्यात.

धुरी करायचीच वेळ आली तर क्रम चुकवू नका. खोल, रुंद, धातूच्या भांड्यात आधी परमँगनेट, मग त्यावर फॉर्मेलिन, आणि लगेच बाहेर. उलट कधीही नाही. मिश्रण भसकन उसळतं आणि तो वायू पेट घेणारा आहे, म्हणजे जवळपास चूल, विडी काही नको. एकट्याने तर नकोच. डोळ्यात थेंब गेला तर पंधरा मिनिटं पाण्याच्या धारेखाली डोळा धरून सरळ दवाखाना गाठा. 'वास गेला म्हणजे वायू गेला' यावरही विसंबू नका, नाक थोड्या वेळात सरावतं. अमेरिकेत कामगारांसाठी ८ तासांची सरासरी मर्यादा ०.७५ पीपीएम, म्हणजे हवेच्या दहा लाख भागांत पाऊण भाग, एवढी आहे. इतक्या थोड्या मात्रेचा अंदाज नाकाने येत नाही.

ब्लीचिंग पावडरची गोष्ट सरळ आहे. ताज्या पावडरीत ३० ते ३५ टक्के क्लोरीन असतं, म्हणून लिटरला सुमारे ३० ग्रॅम घातली की १ टक्क्याचं द्रावण होतं. मात्र ती घाणीवर टाकली तर घाणीतच संपते. आधी जुनं तूस सगळं उचलायचं, खरवडायचं, साबणाच्या पाण्याने धुवायचं, वाळू द्यायचं आणि मग मारायची. उघडी पिशवी महिनाभर कोपऱ्यात पडली असेल तर तिचा भरवसा नको. लोखंडी भांड्यांना तिने गंज चढतो, ती नंतर साध्या पाण्याने धुवावीत. भिंती आणि जमिनीला ताज्या कळीच्या चुन्याचा हात द्यावा. हे सगळं मिळून माझं मत पडलं : जाळीच्या शेडला धुणं, ब्लीचिंग, चुना आणि आठ-दहा दिवस रिकामं ठेवणं. कंपनीचा सुपरवायझर ग्लुटराल्डिहाइडचं औषध देत असेल तर तेही फवारायला फॉर्मेलिनपेक्षा बरं, पण मास्क आणि हातमोजे त्यालाही लागतात, दमेकऱ्याने लांबच राहावं.

फॉर्मेलिन आणि ब्लीचिंग पावडर एकत्र मात्र कधीच करू नका. एका बादलीत नाही आणि एकामागून एक ओल्या जमिनीवरही नाही. 'दोन्ही मारलं की डबल काम' असं ऐकलंय मी. त्यातून विषारी वायू निघू शकतात.

गाई-मेंढ्यांचे खूर

पावसाळ्यात खुरांच्या फटी सडतात, तेव्हा गोठ्याच्या दारात औषधाच्या पाण्याचं टाकं करतात. ३ ते ५ टक्के फॉर्मेलिन यात खरंच चांगलं चालतं, म्हणजे १०० लिटर टाक्याला कॅनमधलं ३ ते ५ लिटर. पण जखम उघडी असेल तर जनावर कळवळतं, आणि जास्त कडक केलं तर चामडी भाजते. १० टक्के झिंक सल्फेटला वास नाही, आग कमी. दोन-चार गाईंच्या घरी मी तेच सांगते. मोरचूद (तांब्याचा निळा क्षार) स्वस्त, पण मेंढ्यांना तांबं बाधतं. धनगरांनी ते निळं पाणी मेंढ्यांच्या तोंडाला लागू देऊ नये. लाळ्या-खुरकुताची साथ असेल तर प्रश्नच वेगळा : तो विषाणू आहे, त्याला लसच हवी. गोठा, बादल्या, गाडीची चाकं धुवायला ४ टक्के धुण्याचा सोडा पुरतो. फॉर्मेलिनचा खर्च करू नका.

मासळीबद्दल विचारलंत तर तिथे तुलनाच नाही. २०१८ मध्ये गोव्यात बाहेरून आलेल्या मासळीत फॉर्मेलिनचा संशय निघाला आणि आयात थांबवली गेली, तेव्हा बेळगावातही लोक धास्तावले होते. खाण्याच्या पदार्थात फॉर्मेलिनला परवानगीच नाही. मासळीला बर्फ, बस्स.

भावाने शेवटी ब्लीचिंग आणि चुनाच केला. पण गोठ्यासाठी आणलेलं पाच लिटर फॉर्मेलिन त्याच्याकडे अर्धं उरलं होतं आणि तो म्हणाला, "शेणाच्या खड्ड्यात ओततो." तो खड्डा गोबरगॅसला जोडलेला. गॅस तयार करणारे जंतूच त्यात मेले असते आणि वहिनीची चूल महिनाभर बंद पडली असती. मी कॅन मागवून घेतला, तळाशी पांढरा साका नाही हे बघितलं, आणि तालुक्याच्या त्या दवाखान्यात विचारून, बफर करून, रुंद तोंडाच्या चाळीस डब्यांत भरून दिला.